मास्तरांच्या भुवया

मास्तरांनी जन्मात कधी एका पोरावर हात उगारला नाही. एकतीस वर्षं तिसरीचा वर्ग सांभाळला, पण त्यांच्या वाटणीची छडी कपाटामागे पडून तशीच वाळून गेली. पोर चुकलं की ते एवढंच म्हणत, घाई नाही, परत बघ. आणि खरंच त्यांना घाई नसे. पोर एक उत्तर सांगे, मग दुसरं, मग तिसरं, आणि बरोबर आकड्यापाशी आलं की मास्तरांच्या भुवया वर जात, तोंड असं उजळे की जणू कधीची वाट पाहत होते तो पाहुणा दारात उभा राहिला. काही माणसांना चेहरा देताना देवाने हात सैल सोडलेला असतो. मास्तर त्यांतले. पोटात काही राहायचंच नाही, सगळं कपाळावर.

निवृत्त होऊन आठ वर्षं झाली तरी त्यांचा वर्ग सुटला नव्हता. दुपारी चारला त्यांच्या पुढच्या खोलीत गणितात मागे पडलेली पाच-सहा पोरं जमत. भिंतीवर फळा, खाली लांब टेबल, टेबलाभोवती एकाही जोडीची उंची सारखी नसलेली स्टुलं. सुरुवातीला सगळ्यांनी मिनिटभर डोळे मिटायचे. मास्तर म्हणत, देवाला सगळं कळतं, आपल्याला रोज थोडं कळलं तरी पुष्कळ झालं. मग बेरजा, वजाबाक्या, पाढे. घरी जाताना प्रत्येक पोर हसत जाई, कारण मास्तरांच्या खोलीतून चुकीचं उत्तर घेऊन कुणी बाहेर पडलेलं नव्हतं.

या पोरांत एक होती टाचणी. नऊ वर्षांची, अंगाने काडी, नजर मात्र टोकदार, म्हणून हे नाव. आणि आई कपडे दुरुस्तीच्या दुकानात कामाला, म्हणून ते चिकटलं. आईनेच एक पत्र्याचा डबा भरून सुटी बटणं मास्तरांना आणून दिली होती, मोजायला उपयोगी पडतील म्हणून. मास्तरांनी ती कौतुकाने टेबलावर ठेवली आणि टाचणी त्यांचे रंग लावत बसे. मोजायची वेळ क्वचितच येई. मास्तरांसमोर तिला बटणं लागतच नसत.

टाचणी तिसरीत एकदा नापास झाली होती. भाषा उत्तम, चित्रं तर फारच सुंदर, पण गणिताच्या तोंडी परीक्षेत तोंड उघडेना. यंदा पुन्हा तसं झालं तर तिसरीतच राहायचं, आणि तिसरीत पुढच्या वर्षी दुसरीतून कोण येणार होतं, तर तिची सख्खी धाकटी बहीण. म्हणजे दोघी एका वर्गात. धाकटी हुशार, चुणचुणीत, आत्ताच बोलून दाखवायची की ताईला मी माझ्या शेजारी बसवून घेईन, तिला काही अडलं तर सांगेन. ती हे प्रेमाने म्हणायची, आणि त्यानेच टाचणीच्या घशाखाली घास उतरत नसे. तिने आईला सांगून टाकलं होतं, तसं झालं तर मी शाळेत जाणार नाही, दुकानात येऊन काजं करीन.

आई संध्याकाळी पोरीला न्यायला येई तेव्हा तिच्या कपड्यांना रंगीबेरंगी दोरे चिकटलेले असत. दारातूनच विचारी, "काका, होईल ना हिचं?"

"लिहून ठेव," मास्तर म्हणत. "माझ्यासमोर एक गणित चुकत नाही तिचं."

यात तिळभर खोटं नव्हतं. दुःख आहे ते इथंच.

मास्तरांची लेक त्याच शाळेत शिकवत होती, आता लहान वर्गांची प्रमुख. पोरं तिला मोठ्या बाई म्हणत आणि जरा दबून असत. बापाचा चेहरा उघडी खिडकी, तर लेकीचा बंद दरवाजा. पोर बरोबर सांगो की चूक, बाईंच्या तोंडावरची रेघ हलत नसे. मास्तरांना याचं मनातून वाईट वाटे. ते एकदा म्हणालेही होते, अगं, जरा हसत जा, लेकरं आहेत ती. लेक म्हणाली, हसते ना बाबा, गणित झाल्यावर.

परीक्षेला बारा दिवस उरले असताना ती एका दुपारी बापाची औषधं द्यायला आली. वर्ग चालू होता, म्हणून दाराशीच थांबली. मास्तर टाचणीला विचारत होते, बेचाळीसातून सतरा गेले तर किती. टाचणीने वहीकडे पाहिलंच नाही. तिने मास्तरांकडे पाहिलं आणि म्हणाली, पस्तीस. मास्तर शांत. म्हणाली, पंचेचाळीस. मास्तरांचं कपाळ जरासं आक्रसलं. म्हणाली, पंचवीस. भुवया वर गेल्या.

"शाब्बास," मास्तर म्हणाले आणि अभिमानाने लेकीकडे पाहिलं.

पोरं गेली, टाचणी तेवढी आईची वाट पाहत थांबली होती. तेव्हा लेकीने स्वतः बापाची खुर्ची उचलून उलटी केली, भिंतीकडे तोंड करून, आणि सांगितलं की बाबा, जरा इथं बसा आणि हिला एक गणित घाला. मास्तरांना वाटलं काहीतरी गंमत आहे. ते बसले, भिंतीवरच्या दिनदर्शिकेकडे पाहत म्हणाले, एक्क्याऐंशीतून चव्वेचाळीस गेले.

"त्रेचाळीस," टाचणी म्हणाली.

चारातून एक गेला तीन, आठातून चार गेले चार. लहानातून मोठा जात नाही, म्हणून तिने आपला मोठ्यातून लहान घालवला होता. पाठीमागे स्टूल करकरलं. त्रेपन्न, टाचणी म्हणाली. मग तेहतीस. मग तिचा आवाज बारीक होत गेला आणि ती म्हणाली, आजोबा, इकडे बघा ना.

आई येऊन तिला घेऊन गेली. मास्तर उलट्या खुर्चीतच बसून होते. लेकीने पाणी आणून दिलं आणि त्यांच्यासमोर, भिंतीला टेकून, जमिनीवर बसली.

"मीही अशीच शिकले, बाबा."

मास्तर म्हणाले, तुला तर तिसरीत पैकीच्या पैकी मार्क होते.

"तुमच्या वर्गात. चौथीत काय झालं ते आठवा."

मास्तरांना आठवलं. चौथीचं सबंध वर्ष पोरगी रोज सकाळी पोटात दुखतं म्हणायची. वजाबाकी दिसली की रडायची. मास्तरांनी त्याचा सगळा दोष चौथीच्या बाईंवर ठेवला होता. नुसता मनात नव्हे. शिक्षकांच्या खोलीत सगळ्यांदेखत ते म्हणाले होते की आमच्याकडून चालती-बोलती मुलं येतात आणि तुमच्याकडे येऊन मुकी होतात. दरवर्षी तेच व्हायचं. तिसरीचा निकाल वर, चौथीचा खाली. तिसऱ्या की चौथ्या वर्षी चौथीच्या बाईंची बदली झाली. जाताना त्या मास्तरांशी बोलल्या नाहीत, आणि मास्तरांनीही म्हटलं, जाऊ दे, काहींना शिकवण्याचं अंगच नसतं.

लेक सांगू लागली. त्याच बाईंनी तिला शाळा सुटल्यावर थांबवून घेतलं होतं. खडे मांडून एकपासून सुरुवात केली होती. समोर कधी बसल्या नाहीत, नेहमी शेजारी बसत, म्हणजे पोरीला खड्यांखेरीज बघायला काही उरू नये. हे घरी सांगायचं नाही असं दोघींचं ठरलेलं, कारण तुझ्या बाबांना वाईट वाटेल, असं बाईच म्हणाल्या होत्या.

"मग तू मला कधी बोलली का नाहीस?" मास्तरांनी विचारलं.

"तुम्ही इतके खूश असायचात, बाबा."

मास्तरांनी मनाशी हिशेब मांडला. एकतीस वर्षं, वर्गात तीसेक पोरं. नऊशेच्या वर. त्यातली हुशार आपली आपण शिकली असतील. उरलेली मास्तरांचं तोंड वाचायला शिकली, आणि ते तोंड चौथीच्या वर्गात नव्हतं. गुणाकार सोपा होता. मास्तरांना तो पुरा करवला नाही.

त्या रात्री डोळा लागला नाही. पण माणूस सरळ होता, दुसऱ्या दिवशी कामाला लागला. खुर्ची उलटीच ठेवली आणि टाचणीला बटणं ओवायला लावली. दहा बटणांची एक माळ. बेचाळीस म्हणजे चार माळा आणि दोन सुटी. आता यातून सात काढून दाखव. सुटी तर दोनच आहेत, मग काय करशील?

टाचणी बराच वेळ बसून राहिली. माळ तोडावी लागेल हे तिला दिसत होतं, पण दोरा तोडणं तिला जमेना. दुकानात दोरा वाया घालवला की आई रागावे. शेवटी तिने दातांनी गाठ सोडवली, दहाही बटणं मोकळी केली, दोनांत मिसळली, त्यातून सात बाजूला काढली आणि दोरा नीट गुंडाळून ठेवला. हे सगळं मास्तरांनी पाहिलं नाही. त्यांनी फक्त बटणांचा आवाज ऐकला, भिंतीकडे तोंड करून, आणि त्यांचे डोळे भरून आले. इतक्या वर्षांत एखादं पोर खरोखर वजाबाकी करत असल्याचा आवाज त्यांनी बहुधा पहिल्यांदा ऐकला होता.

पण बारा दिवस म्हणजे कितीसे. माळा हातात असल्या की टाचणीला येई. माळा डब्यात गेल्या की हात पुन्हा जुन्या वाटेला लागे, मोठ्यातून लहान. आठव्या दिवशी कागदावर माळा काढून करायला जमलं, नवव्या दिवशी बिघडलं, दहाव्या दिवशी पुन्हा जमलं. आणि तिला उलटी खुर्ची सोसत नव्हती. आधी तिला वाटलं आजोबांची मान दुखते. मग वाटलं रागावलेत. अकराव्या दिवशी तिने पाठीमागून विचारलं, आजोबा, माझं काय चुकलं?

मास्तर म्हणाले, तुझं काही चुकलं नाही, बाळ. याच्यापुढचं वाक्य त्यांच्या ओठांवर आलं आणि परत गेलं. परीक्षेच्या आदल्या दिवशी लेकराला काय सांगायचं, की वर्षभर तुला येत होतं ते तुला येत नव्हतं?

आईलाही त्यांनी सांगितलं नाही. तिने दारातून नेहमीचाच प्रश्न केला आणि मास्तर म्हणाले, प्रयत्न चालू आहेत. लिहून ठेव म्हणाले नाहीत. ती दमलेली होती, तिच्या ते ध्यानात आलं नाही.

परीक्षा मोठ्या बाईंच्या खोलीत. पाच प्रश्न, चार बरोबर हवेत, कागद-पेन्सिल चालेल. टाचणी खोलीच्या दाराशी अडून बसली की आजोबा असतील तर येते. लेकीने बापाकडे पाहिलं. मास्तर म्हणाले, मी कोपऱ्यात बसतो. लेक म्हणाली, बसा, पण बाबा. तिने वाक्य पुरं केलं नाही, करायची गरज नव्हती. आई बाहेर उभी राहिली. दाराला वर काचेची पट्टी होती, तिच्यातून तिचे डोळे तेवढे दिसत होते.

मास्तरांनी कोपऱ्यात बसताना देवाचं नाव घेतलं. आयुष्यभर त्यांनी पोरांसाठी बुद्धी मागितली होती. आज मागितलं ते वेगळंच. देवा, एवढा अर्धा तास माझा चेहरा दगडाचा कर.

पहिली बेरीज, अडतीस आणि सत्तावीस. टाचणीने कागदावर केली, बरोबर आली. दुसरं, सहा चोक. बरोबर. तिसरी वजाबाकी, पंचेचाळीसातून अठरा. तिने चार माळा काढल्या, पाच ठिपके काढले, एका माळेची गाठ पेन्सिलीने सोडवली, म्हणजे त्या माळेवर काट मारून शेजारी दहा ठिपके काढले, आणि मोजून सांगितलं, सत्तावीस. मास्तर बुटांकडे बघत होते. बूट त्यांना अंधुक दिसायला लागले.

चौथं शाब्दिक होतं. चार बाकं, एकेका बाकावर सहा मुलं, त्यांतली तीन गैरहजर, तर हजर किती. टाचणी म्हणाली, सत्तावीस. गैरहजर मुलं तिने घालवायच्या ऐवजी मिळवली होती. बाईंनी कागदावर काहीतरी लिहिलं. चेहऱ्यावर रेघ हलली नाही, पण लिहायला वेळ कमी लागला, आणि पोरींना असलं सगळं कळतं. टाचणीचे कान लाल झाले.

पाचवं गणित. आता यावरच सगळं होतं, हे खोलीतल्या तिघांना आणि काचेपलीकडच्या एकीला ठाऊक होतं. त्रेसष्टातून अठ्ठावीस.

तिने सहा माळा काढल्या. तीन ठिपके काढले. पेन्सिल थांबली. नुसती एक गाठ सोडवायची राहिली होती. पण भीती बसली की माणूस नवी वाट सोडून जुन्या दाराशी जातो. टाचणीने पेन्सिल खाली ठेवली, कोपऱ्याकडे मान वळवली आणि म्हणाली, "पंचेचाळीस."

मास्तरांची मान वर झाली होती. कधी झाली ते त्यांनाही कळलं नाही. टाचणीचे डोळे त्यांच्या कपाळावर खिळलेले. तिच्या ओठांवर पुढचा आकडा तयार होता, त्याच्यामागे आणखी एक. दोन आकड्यांनंतर पस्तीस येणार होते. मास्तरांना ते येताना दिसत होते, आणि आपल्या भुवया कशा उठायला लागतील तेही आतून जाणवत होतं. देवाने चेहरा काही दगडाचा केला नव्हता. तेव्हा मास्तरांच्या हातात जेवढं होतं तेवढं त्यांनी केलं. दोन्ही तळहात उचलले आणि तोंड झाकून घेतलं.

टाचणीने आजोबांना असं कधी पाहिलं नव्हतं. तिला एकच कळलं, की आपलं उत्तर इतकं वाईट आहे की आजोबांना आपल्याकडे बघवत नाही.

"पंचेचाळीस का?" बाईंनी विचारलं. "कागदावर पुन्हा एकदा बघतेस का?"

टाचणीने कागदाकडे पाहिलं नाही. पाच मिनिटं थांबून बाईंनी कागद मिटला.

बाहेर आल्यावर पोर आईच्या कुशीत शिरली. आई तिच्या डोक्यावरून हात फिरवत होती आणि नजर मास्तरांवर होती.

"सगळ्यांनी तोंड फिरवलं असतं तर चाललं असतं, काका. तुम्ही एकदा तरी तिच्याकडे बघायचं होतं."

मास्तर मग बोलले. तिथंच, व्हरांड्यात, काही न लपवता. पोर माझ्या तोंडाकडे बघून सांगत होती, मला समजलं नाही, समजलं तेव्हा बारा दिवस उरले होते. सगळं सांगितलं. शेवटी आई म्हणाली, "म्हणजे वर्षभर तिला काहीच येत नव्हतं. आणि तुम्ही मला लिहून ठेव म्हणत होतात."

मास्तर हो म्हणाले.

दुसऱ्या दिवशी ती बटणांचा डबा न्यायला आली. म्हणाली, दुकानातली बटणं आहेत, परत द्यायची आहेत. मास्तरांनी डबा दिला. माळा तशाच होत्या, एक सोडवलेला दोरा वर गुंडाळून ठेवलेला. आईने तो बोटात धरून पाहिला, कामाचा दोरा बघतात तसा, आणि डब्यात टाकला.

लेकीकडून मास्तरांनी चौथीच्या बाईंचा पत्ता मिळवला. तीन दिवस खपून माफीचं पत्र लिहिलं, पोरं गणित नव्हे तर माझं तोंड वाचत होती हेही त्यात कबूल केलं. महिन्याने उत्तर आलं, दोन ओळींचं. पत्र पोचलं. तेव्हा मी सगळ्यांना हेच सांगत होते.

नव्या वर्षी टाचणी शाळेत गेली. काजं करायला आईने येऊ दिलं नाही, एवढंच. तिसरीच्या वर्गात बहिणीच्या शेजारी नाही, तर मागच्या बाकावर बसते. शाळा सुटल्यावर मोठ्या बाई तिला थांबवून घेतात आणि शेजारी बसून एकपासून शिकवतात. येतंय, लेक बापाला सांगते, हळूहळू येतंय. खडे वापरते, बटणांना हात लावत नाही.

मास्तरांनी चारचा वर्ग बंद केला. स्टुलं भिंतीला लावली. पण चार वाजले की ते सवयीने पुढच्या खोलीत येऊन बसतात, आणि साडेचारला टाचणी समोरच्या रस्त्याने घरी जाते. एकदा ती कुंपणाशी थांबली. कुंपणाच्या पट्ट्यांवर बोट ठेवत ठेवत पुढे गेली, ओठ हलत होते, काहीतरी मोजत होती, काढत होती, पुन्हा मोजत होती. मास्तर खिडकीत उठून उभे राहिले. तिचं उत्तर आलं असावं, कारण बोट थांबलं आणि ती स्वतःशीच मान हलवून चालू लागली.

खिडकीकडे तिने पाहिलं नाही. मास्तरांच्या भुवया वर गेल्या होत्या, त्या त्यांनी हाताने खाली आणल्या.